उमा नदीच्या कांठीं

प्रवासास निघालेल्या माणसाची दृष्टि बहुधा उंच वस्तूंकडे असते. देवालयाचें शिखर, किल्ल्याचा बुरूज, डोंगराचें टोंक, धबधब्याची धार, यांपैकीं कांहीं दिसलें म्हणजे पायपिटीचें सार्थक झालें, असें तो मानतो. वर्धा जिल्ह्यांतील समुद्रपूर हें गांव अशा प्रवाशास फारसें कांहीं देणार नाहीं. नांवांत समुद्र असला तरी खरा समुद्र तेथून शेंकडों मैल दूर आहे. सभोंवार काळी जमीन, तीवर पऱ्हाटी आणि तूर, मधून मधून बाभळीची रांग, आणि दूरवर एखादी बुटकी टेकडी, एवढीच येथील शोभा. तथापि हा मुलूख सुशिक्षित माणसानें एकदां तरी पाहावा, असें आमचें मत आहे. येथील प्रेक्षणीय वस्तु नुसती पाहून कळत नाहीं. ती वाचावी लागते.

नागपुराहून दक्षिणेस हैदराबादकडे जाणारा हमरस्ता हिंगणघाटच्या अलीकडे जाम या गांवावरून जातो. तेथें एक मोठा चौरस्ता आहे; एक फांटा वर्ध्याकडे जातो व एक समुद्रपूर-गिरडकडे. आगगाडीनें येणारांस हिंगणघाट हें स्टेशन सोयीचें. कापसाची पेठ म्हणून त्या गावाची ख्याति जुनी आहे. पूर्वीं हा सारा भाग हिंगणघाट तहशिलींतच मोडत असे. आतां समुद्रपूर हें स्वतंत्र तालुक्याचें ठिकाण झालें आहे. आम्ही गेलों तेव्हां माघाचे दिवस होते. कापसाची शेवटची वेचणी चालली होती. वायगांवच्या बाजूस हळद खणून निघाली होती. या वायगांवच्या हळदीस २०१६ सालीं भौगोलिक निर्देशांकाचा मान मिळाला, ही गोष्ट तेथील शेतकरी मोठ्या अभिमानानें सांगतात. हळद शिजविण्याच्या कढईंतून उठणारा तो कढत, मातकट वास ज्यानें घेतला असेल, तो वायगांवास विसरणार नाहीं.

गिरडच्या टेकडीवर शेख फरीद यांचा दर्गा असून तेथें हिंदु व मुसलमान दोन्ही समाजांचे लोक नवसास जातात. त्या टेकडीवर सुपारी-जायफळाच्या आकाराचे गोल दगड विखुरलेले आहेत. लोक सांगतात कीं, कोणी व्यापारी आपला माल घेऊन जात असतां त्यांनीं या साधुपुरुषाची थट्टा केली, तेव्हां त्यांच्या साऱ्या मालाचे दगड झाले. भूगर्भशास्त्र सांगतें कीं, लाव्हारसाच्या खडकांत ज्या पोकळ्या राहिल्या, त्यांत खनिज द्रव्यें सांचून या गांठी बनल्या आणि वरचा खडक झिजल्यावर त्या मोकळ्या झाल्या. दगड एकच, वाचन दोन. आम्हांस कथेचा अनादर करावयाचा नाहीं. पण दुसऱ्या प्रकारचें वाचन शिकावें लागतें, आणि त्यास आयुष्य द्यावें लागतें, एवढें लक्षांत आणून द्यावयाचें आहे.

या खेपेस आमच्याबरोबर एक तरुण सोबती होता. आमच्या हाताखालीं शिकून गेलेल्या एका गृहस्थाचा हा मुलगा. अकरावींत शिकणारा, बुद्धीनें तल्लख, बोलण्यास थोडा. त्यानें कोठून तरी मध्य-अमेरिकेंतील मय लोकांच्या प्राचीन नगरांविषयींचीं पुस्तकें मिळवून वाचलीं आणि आपण पुराणवस्तुशास्त्रज्ञ होणार, तेंहि मय संस्कृतीचे, असें घरांत जाहीर केलें. मग घरांत जें व्हावयाचें तें झालें. आईनें डोळ्यांस पदर लावला, वडील आमच्याकडे येऊन म्हणाले, "गुरुजी, तुमचें तो ऐकतो. त्याला चार शब्द सांगा. दगडमाती उकरून कोणाचें पोट भरलें आहे?"

हा प्रश्न हंसण्यावारी नेण्यासारखा नाहीं. मध्यम स्थितींतील कुटुंबानें आपली सारी पुंजी एका मुलाच्या शिक्षणांत घातलेली असते. त्यानें तो प्रश्न विचारूं नये तर कोणीं विचारावा? आम्हीं उपदेश करण्याचें टाळलें. दोन दिवस मुलगा उसना मागून घेतला आणि त्यास समुद्रपुरास घेऊन गेलों.

जामच्या चौरस्त्यावर उतरतांच आम्हीं त्यास म्हटलें, "बाळ, तुझ्या शास्त्राचा पहिला पाठ येथें." त्यानें इकडे तिकडे पाहिलें. मालमोटारींची रांग, चहाचीं दुकानें, चाकें दुरुस्त करणारांच्या टपऱ्या. पुराणवस्तूचा कोठें मागमूस नाहीं. मग आम्हीं त्यास ताम्रपटाची हकीकत सांगितली.

हिंगणघाटच्या उत्तरेस अवघ्या कांहीं मैलांवरील या गांवाचें नांव जुन्या लेखांतून जांब असें येतें. आतां उच्चार जाम असा रूढ झाला आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धांत येथें एक ताम्रपट उजेडांत आला. तो वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याच्या राज्याच्या दुसऱ्या वर्षीं नंदिवर्धन या राजधानींतून दिलेला आहे. सुप्रतिष्ठ नांवाच्या आहारांतील, म्हणजे आजच्या भाषेंत तालुक्यांतील, कोथुरक नांवाचें गांव एका ब्राह्मणास दान दिल्याचें त्यांत नमूद आहे. दान दिलेल्या गांवाच्या चतुःसीमाहि त्यांत दिल्या आहेत. एका बाजूस उमा नदी. उरलेल्या तीन बाजूंस चिंचापल्ली, बोंथिकवाटक आणि मंडुकिग्राम हीं तीन गांवें.

आतां वाचकांनीं या भागाचा नकाशा समोर घ्यावा. येथून वाहणाऱ्या नदीस लोक वणा किंवा वेणा म्हणतात. इंग्रजी नकाशांत ती वुन्ना किंवा उन्ना अशी लिहिलेली असे. तीच उमा. तिच्या कांठीं समुद्रपूर तालुक्यांत मांडगांव आहे, तेंच मंडुकिग्राम. चिंचापल्लीची चिचोली झाली आणि बोंथिकवाटकाचें बोथड झालें. पंधराशें वर्षांत राजे गेले, राज्यें गेलीं, भाषा बदलली, धर्मसंप्रदाय आले आणि गेले. पण नदी आणि तीन खेडीं आपापल्या जागीं, थोडीं झिजलेलीं नांवें घेऊन उभीं आहेत. फक्त ज्या गांवाकरितां हा सारा खटाटोप झाला, तें कोथुरक मात्र नाहींसें झालें! साक्षीदार हयात आहेत आणि वादी दिवंगत झाला, अशांतली ही गोष्ट आहे.

ताम्रपट वाचावयाचा म्हणजे काय करावें लागतें, हें पुष्कळांस ठाऊक नसतें. तांब्याचे कांहीं पत्रे एका कडींत ओवून त्या कडीस राजमुद्रा लावलेली असते. पत्रे जमिनींत पुरलेले असल्यानें त्यांवर हिरवा जंग चढलेला असतो. तो अक्षरांस धक्का न लावतां काढावा लागतो. मग शाईचे ठसे घ्यावयाचे. शिलालेख असेल तर ओला कागद दगडावर बसवून ब्रशानें ठोकतात, म्हणजे तो अक्षरांच्या खांचेंत शिरतो. नंतर वरून शाईची गादी हलक्या हातानें फिरवितात. खांचा पांढऱ्या राहतात, बाकीचा कागद काळा होतो. त्या ठशावरून एकेक अक्षर लावावयाचें. वाकाटकांच्या अक्षरांची एक खूण आहे. प्रत्येक अक्षराच्या माथ्यावर लहानशी चौकोनी पेटी असते. म्हणून त्या लिपीस पेटिकाशीर्षक लिपि म्हणतात. कोरणारा कारागीर पुष्कळदां अर्धशिक्षित असे. तो काना गाळी, विसर्ग सोडी, शब्द दोनदां कोरी. संस्कृत व्याकरण ज्याच्या हाडींमासीं खिळलें आहे, त्यासच तेथें काय पाहिजे होतें आणि काय पडलें आहे, हें उमगतें.

या दानपत्रांतून केवळ राजांच्या वंशावळीच मिळतात असें नाहीं. वाकाटकांच्या दानपत्रांत दान दिलेल्या गांवास कोणत्या जाचांतून सूट आहे, त्याची लांबलचक यादी सामान्यतः असते. सैनिकांनीं गांवांत शिरूं नये. दौऱ्यावर आलेल्या अधिकाऱ्यांस गवत, बसावयास कातडीं आणि कोळसा पुरविण्याची सक्ति नसावी. फुलें व दूध हक्कानें मागूं नये. जमिनींतील मिठावर राजाचा हक्क राहूं नये. वेठ घेऊं नये. जें माफ केलें तें एरव्हीं वसूल होत असलें पाहिजे, हें उघड आहे. दरबारी कवीनें राजाची कितीहि स्तुति केली तरी खेडेगांवाचें खरें दुःख या माफीच्या यादींतच सांपडतें. आमच्या सोबत्यास ही गोष्ट विशेष लागली. तो म्हणाला, "गुरुजी, म्हणजे पांचव्या शतकांतहि साहेब दौऱ्यावर आला कीं गांव पळत असेल!" आम्हांस वाटलें, पाठ बरा चालला आहे.

एक मोठी अडचण मात्र अशी कीं, हीं दानपत्रें कोणत्याहि शकाचा वा संवताचा आकडा देत नाहींत. "आमच्या राज्याचें अमुक वर्ष" एवढेंच सांगतात. तें राज्य कोणत्या शतकांतलें, हें कसें कळावें? त्याची किल्ली एका दुसऱ्या ताम्रपटानें दिली, आणि तो पुण्यांतील एका तांबटाच्या घरून उजेडांत आला. तो राणी प्रभावतीगुप्ता हिचा. तीत ती आपण गुप्त सम्राट् दुसरा चंद्रगुप्त याची कन्या असल्याचें सांगते. अल्पवयी मुलाच्या वतीनें ती राज्यकारभार पाहत होती. गुप्तांचा काल ठाऊक असल्यामुळें वाकाटकांचा काल चवथ्या-पांचव्या शतकांत पक्का बसला. त्या ताम्रपटांत दान दिलेलें दंगुण हें गांव याच सुप्रतिष्ठ आहारांतलें असून, तें म्हणजे आजचें हिंगणघाट होय, असें विद्वानांनीं ठरविलें आहे. पुण्याच्या तांबटाची भट्टी त्या दिवशीं थोडी अधिक पेटली असती तर एका राजवंशाचा काल आणि हिंगणघाटचें जुनें नांव, दोन्ही धातुरस होऊन गेलीं असतीं.

हीं वाकाटकांचीं विखुरलेलीं पानें एकत्र आणून त्यांचा ग्रंथ करणारा पुरुष म्हणजे महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी. जांबचें कोथुरक-दानपत्रहि त्यांनींच संपादून प्रसिद्ध केलें. मिराशींचा जन्म १८९३ सालीं कोंकणांत, देवगड तालुक्यांतील कुवळें या खेड्यांत झाला. संस्कृताचें अध्ययन करून ते नागपुरास मॉरिस कॉलेजांत संस्कृताचे प्राध्यापक म्हणून आले आणि पुढें तेथेंच प्राचार्य झाले. त्यांचा मूळ व्यवसाय अध्यापनाचा. रघुवंश आणि शाकुंतल शिकवावें, व्याकरणाचे धडे घ्यावे, उत्तरपत्रिका तपासाव्या, हा त्यांचा नित्यक्रम. पण मध्यप्रांत-वऱ्हाडच्या शिलालेखांची सूचि तयार करणारे रायबहादूर हिरालाल यांच्यासारख्यांचें उदाहरण त्यांच्यासमोर होतें. कोंकणांतून आलेल्या या पंडितानें विदर्भाची माती आपली मानली आणि कालिदासाच्या पोथीबरोबर तांब्याचे पत्रेहि वाचावयास घेतले.

त्यांच्या कार्याचा पसारा पाहिला म्हणजे थक्क व्हावें लागतें. १९३९ सालीं वऱ्हाडांत तऱ्हाळें येथें सातवाहनांच्या नाण्यांचा मोठा सांठा सांपडला. त्यांतील झिजलेलीं अक्षरें लावून मिराशींनीं कुंभ, कर्ण आणि शक या सातकर्णींचीं नांवें पुढें आणलीं. पुराणांच्या यादींत त्यांचा पत्ता नव्हता. त्याच सुमारास वाशीमचा ताम्रपट उजेडांत आला. यवतमाळचे यशवंत खुशाल देशपांडे यांच्यासारख्या संशोधकांनीं आणि मिराशींनीं त्याचा अभ्यास केल्यावर वाकाटकांची एक शाखा वत्सगुल्म, म्हणजे वाशीम, येथें राज्य करीत होती, हें सिद्ध झालें. रामटेक हीच मेघदूतांतील रामगिरि, असें त्यांनीं प्रतिपादिलें. भवभूतीचें पद्मपूर आमगांवजवळ असल्याचें मत मांडलें. भारतीय कोरीव लेखांच्या 'कॉर्पस इन्स्क्रिप्शनम इंडिकारम' या महासंग्रहाचे तीन खंड त्यांच्या हातून सिद्ध झाले. कलचुरींचा १९५५ सालीं, वाकाटकांचा १९६३ सालीं आणि शिलाहारांचा १९७७ सालीं निघाला. शेवटचा खंड निघाला तेव्हां त्यांचें वय चौऱ्याऐंशीं वर्षांचें होतें. १९४१ सालीं महामहोपाध्याय ही पदवी आणि १९७५ सालीं पद्मभूषण हा बहुमान त्यांस मिळाला. १९८५ सालीं, ब्याण्णव वर्षांचे असतांना ते वारले. विशेष हें कीं, इतक्या कामांत त्यांनीं मराठी वाचकाची उपेक्षा केली नाहीं. इंग्रजींत पंडितांसाठीं जें लिहिलें, तेंच 'संशोधनमुक्तावली'च्या भागांतून त्यांनीं आपल्या भाषेंत आणलें.

दुसऱ्या दिवशीं आम्ही मांडगांवास गेलों. नदीचें पाणी उतरलें होतें. वाळूचे पट्टे उघडे पडले होते आणि पलीकडच्या कांठावर एक म्हातारा शेतकरी बैलांस पाणी पाजीत होता. आमच्या सोबत्यानें त्यास विचारलें, "बाबा, या बाजूला कोथुर किंवा कोथुरक नांवाचें कांहीं आहे का? एखादें वावर, एखादा माळ, पडीक जागा?" म्हाताऱ्यानें बराच वेळ विचार केला. मग म्हणाला, "नाई बाप्पा, असं नाव तं आमी कदी आयकलं नाई. नदीले आमी वना म्हन्तो. पन हे वरचं वावर आहे ना, वखर चालवला का खापरं निघतेत. आमचा बुढा म्हने, इथं कदीतरी वस्ती होती."

मुलगा तेथेंच वांकला आणि ढेंकळांतून दोन-चार खापऱ्या वेंचूं लागला. एक काळसर होती, एक तांबूस. त्याचे डोळे चमकले. "गुरुजी, हेंच कोथुरक असेल!" आम्हीं म्हटलें, "असेल; आणि नसेलहि. खापरी आजोबांच्या काळची असेल किंवा वाकाटकांच्या. ती कोणत्या थरांतून आली, तिची भाजणी कशी, तिच्या जोडीला काय निघालें, हें कळल्याखेरीज तिच्या तोंडून कोथुरकाचें नांव वदवूं नये. साक्षीदाराला शिकवून आणणें हा कोर्टांत गुन्हा आहे; शास्त्रांतहि आहे." त्यानें खापऱ्या जेथल्या तेथें ठेवल्या. शेतकऱ्याच्या शेतांतील वस्तु आपल्या पिशवींत घालूं नये, हेंहि त्यास सांगावें लागलें नाहीं. आम्हांस त्या क्षणीं त्याच्या उत्साहापेक्षां त्या संयमाचा अधिक आनंद झाला.

परततांना त्यानें मय लोकांचा विषय काढला. तो त्या विषयांत आमच्याहून पुष्कळ पुढें होता, आणि शिक्षकानें विद्यार्थ्याकडून ऐकण्यांत कमीपणा मानूं नये. त्यानें सांगितलें कीं, युकातानांत मानी या गांवीं १५६२ सालीं दिएगो दे लांदा या पाद्र्यानें मय लोकांच्या पोथ्या जाळल्या; आज त्यांच्या चारच पोथ्या उरल्या आहेत. आणि दैवाची थट्टा अशी कीं, त्याच लांदानें लिहून ठेवलेल्या अक्षरांच्या टिपणावरून पुढें ती लिपि उलगडूं लागली. १९५२ सालीं युरी क्नोरोझोव्ह या रशियन पंडितानें लेनिनग्राडांत बसून दाखवून दिलें कीं, त्या चिन्हांपैकीं पुष्कळ चिन्हें अवयवांचीं, म्हणजे आपल्या बाराखडीसारख्या व्यंजन-स्वरांच्या जोडीचीं, आहेत. मय लोकांची भूमि त्यास प्रत्यक्ष पाहावयास मिळाली ती १९९० सालीं! तातियाना प्रोस्कूरियाकोव्ह ही विदुषी मूळची वास्तुशास्त्र शिकलेली. अमेरिकेंत राहून तिनें १९६० सालीं सिद्ध केलें कीं, पिएद्रास नेग्रास येथील स्तंभांवरील तिथि या राजांच्या जन्माच्या आणि राज्यारोहणाच्या आहेत. तोंपर्यंत मय लोक म्हणजे केवळ तारे मोजणारे पुरोहित, असा समज होता. त्यांना राजे मिळाले, राण्या मिळाल्या, इतिहास मिळाला.

ऐकतां ऐकतां आमच्या मनांत एक गोष्ट आली. ज्या पांचव्या शतकांत प्रवरसेनाचा कारागीर नंदिवर्धनास तांब्यावर कोथुरकाच्या चतुःसीमा कोरीत होता, त्याच शतकांत ग्वातेमालाच्या अरण्यांत टिकाल येथें मय शिल्पी आपल्या राजाचा स्तंभ घडवीत होते. त्यांच्या स्तंभांवर दिवसाची मोजणी इतकी नेमकी असते कीं, आज आपण तिथीसह इसवी सन सांगूं शकतों. पण कोणत्या गांवाची शींव कोठें होती, हें तो स्तंभ सांगत नाहीं. आमच्या ताम्रपटांत इसवी सन काढण्यास आधार नाहीं. पण शिंवेवरचीं खेडीं आजहि हांकेला ओ देतात. एकास काळाची चिंता, दुसऱ्यास जमिनीची. आणि दोन्हीकडे वाचणारा पुरुष एकाच जातीचा लागतो: भाषा जाणणारा, घाई न करणारा, आणि आपलें मत खोडलें जाण्यास तयार असणारा.

हा शेवटचा गुण सर्वांत कठीण. त्याचें उदाहरण वर्धा जिल्ह्यांतच आहे. प्रवरसेनानें पुढें आपली राजधानी प्रवरपूर येथें नेली. हें प्रवरपूर म्हणजे वर्ध्याजवळ धाम नदीवरील पवनार, असें मिराशींचें मत. पवनारास विनोबांच्या परंधाम आश्रमांत जमीन खणतांना रामकथेंतील प्रसंगांच्या मूर्ति सांपडल्या. त्यांतली भरत-भेटीची मूर्ति प्रसिद्ध आहे. प्रवरपुरास रामचंद्राचें देवालय असावें आणि हीं शिल्पें त्याचीं असावीं, असें मिराशींनीं मांडलें. १९६७ सालीं नागपूर विद्यापीठातर्फे शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर यांनीं पवनारास उत्खननहि केलें. पुढें १९९७ पासून रामटेकजवळ मनसर येथें उत्खनन झालें. तेथें वाकाटककालीन भव्य वास्तु निघाली आणि 'प्रवरेश्वर' असें नांव असलेल्या मुद्रा सांपडल्या. त्यामुळें प्रवरपूर मनसरलाच असावें, असें कित्येक विद्वान् आतां म्हणतात. जवळच्या नगरधन येथें, म्हणजे जुन्या नंदिवर्धनास, अलीकडच्या उत्खननांत प्रभावतीगुप्तेच्या नांवाची मृण्मय मुद्राहि मिळाली.

वर्ध्याच्या एखाद्या अभिमानी गृहस्थास यांत आपली राजधानी कोणी पळवून नेत आहे असें वाटेल. आम्हांस तसें वाटत नाहीं. मिराशींनीं जें म्हटलें तें त्यांच्यासमोर असलेल्या पुराव्यावर म्हटलें, आणि पुरावा ओळीनिशीं छापून ठेवला. म्हणूनच पुढच्यांस त्यांच्याशीं वाद घालतां येतो. ज्या मतावर वाद घालतांच येत नाहीं, तें मत नव्हे, तो नवस होय. राजधानी पवनारास असो वा मनसरास, जांबचा ताम्रपट आणि मांडगांवची नदी यांस त्यानें बाध येत नाहीं.

घरीं परतल्यावर वडिलांच्या प्रश्नाचें उत्तर देणें भाग होतें. आम्हीं तें असें दिलें: "पोट भरतें, पण या शास्त्रानें पोट लवकर भरत नाहीं, आणि भरलें तरी साधेंच भरतें. मिराशी शिकवीत होते म्हणून त्यांची चूल पेटली. संशोधन त्यांनीं उरलेल्या वेळांत केलें, आणि तें पन्नास-साठ वर्षें केलें. आज मार्ग थोडे अधिक आहेत. पुण्यास डेक्कन कॉलेज आहे, नागपूर विद्यापीठांत प्राचीन भारतीय इतिहास, संस्कृति व पुरातत्त्व यांचा विभाग आहे, भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची उत्खनन-शाखा नागपुरांतच आहे आणि कोरीव लेखांची शाखा मैसूरला आहे. पण जागा थोड्या आणि उमेदवार फार. तेव्हां मुलास स्पष्ट सांगावें कीं, दहा वर्षें तुला मित्रांचीं घरें, गाड्या पाहत राहावें लागेल. हें ऐकूनहि तो जाणार असेल तर त्यास अडवूं नये. अडविलेला मुलगा इंजिनियर होईल. पण घरांत एक मुका माणूस वाढेल."

वडील कांहीं बोलले नाहींत. थोड्या वेळानें त्यांनीं विचारलें, "आणि तें मय वगैरे?" आम्हीं म्हटलें, "तेथें जावयाचें असेल तर आधीं स्पॅनिश शिकावी लागेल, मग मय लोकांची बोली. त्या लोकांचे वंशज आजहि लाखोंनीं ती बोलतात. परंतु ज्याला वणेच्या कांठीं धीर धरतां येतो, त्यालाच टिकालच्या अरण्यांतहि धरतां येईल. सध्यां त्याला ब्राह्मी शिकूं द्या." मुलाच्या आईनें मात्र लगेच विचारलें, "ब्राह्मी शिकायला किती दिवस लागतात हो?" मुळाक्षरांस पंधरा दिवस आणि वाचनास जन्म, हें उत्तर ऐकून ती प्रथमच हंसली.

आतां एक विनंति वाचक-भगिनींस आणि बंधूंस. आपल्या घरांत पोटमाळ्यावर, देवघराच्या कोनाड्यांत, जुन्या पेटींत, पणजोबांच्या काळचें तांबें पितळ पडलेलें असतें. घर विकतांना, मोडतांना, किंवा वांटणी होतांना तें वजनावर जातें. वजनावर घालण्यापूर्वीं तें एकदां उजेडांत नेऊन पाहावें. त्यावर कोरीव रेघा दिसल्या तर चिंचेनें घासूं नये, कानस लावूं नये. जवळच्या वस्तुसंग्रहालयास किंवा विद्यापीठास कळवावें. खेड्यांतल्या शेतांचीं, माळांचीं, ओढ्यांचीं जुनीं नांवें वडील माणसांस विचारून वहींत उतरून ठेवावीं. सात-बाराच्या उताऱ्यावर पुष्कळदां फक्त गटाचा आकडा राहतो, नांव राहत नाहीं. कोथुरकाचें नांव एका तांब्याच्या पत्र्यावर राहिलें म्हणून आज आम्ही त्याच्याविषयीं लिहीत आहों. मांडगांवच्या त्या म्हाताऱ्याच्या वावरास गांवांत एक खास नांव आहे. आमच्या सोबत्यानें तें, त्याच्या तोंडून ऐकलें तसेंच, तारखेसह आपल्या वहींत लिहून घेतलें आहे.